‘असं कसं विचारायचं?’ निषिद्ध वागणुकीचं मानसशास्त्र: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

चारचौघांत ज्याबद्दल बोललं जात नाही, त्या वागण्यामागचं विज्ञान आम्ही मराठीत लिहितो. नागपूर, कामठी, हिंगणा, काटोल, उमरेडहून येणाऱ्या निरोपांत काही प्रश्न सतत येतात. ते इथे एकत्र केले आहेत. प्रश्नांची भाषा विचारणाऱ्यांची आहे, फक्त ओळख पटेल असे तपशील काढले आहेत. उत्तर दुसऱ्या प्रश्नात असेल तिथे त्याचा क्रमांक दिला आहे. जीव नकोसा झाला असेल तर हे पान बाजूला ठेवा आणि आधी टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ क्रमांकावर फोन करा. तो मोफत आहे, रात्रीही चालू असतो आणि मराठीत बोलता येतं.

१. निषिद्ध, बेकायदा आणि मानसिक आजार, हे सगळं एकच ना?

नाही. निषिद्ध काय ते समाज ठरवतो, बेकायदा काय ते कायदा ठरवतो, आणि आजार आहे की नाही हे डॉक्टर निदानाच्या निकषांवर ठरवतात. या तिन्हींची बेरीज फारच क्वचित जुळते. आपल्याकडचा खर्रा, म्हणजे तंबाखू-सुपारीचं मिश्रण घ्या. तो बंदीच्या यादीत आहे. त्यातल्या सुपारीने तोंडाच्या आतलं अस्तर ताठ होत जातं, पुढे दोन बोटंही तोंडात जात नाहीत, आणि कॅन्सरचा धोका वाढतो. तरी पानठेल्यावर तो सगळ्यांदेखत घोटला जातो आणि कुणाला लाज वाटत नाही. याउलट एखादी बाई घरात एकटीच मोठ्याने स्वतःशी बोलते. तिच्यामुळे कुणाचंच काही बिघडत नाही, पण शेजारी कुजबुजतात.

म्हणून कुठल्याही वागण्याकडे बघताना आम्ही तीन गोष्टी विचारतो. कुणाला इजा होते का? ज्याच्यावर परिणाम होतो त्याची संमती आहे का, आणि ती द्यायला तो सक्षम आहे का? करणाऱ्याला स्वतःला त्रास होतो का? ‘लोक काय म्हणतील’ हा प्रश्न खरा आहे, त्याने माणसं आयुष्यभर दबून राहतात, पण त्यावरून निदान होत नाही.

२. एखादी गोष्ट ऐकूनच किळस येते. मग ती वाईट असणारच ना?

किळस ही मुळात शरीराच्या बचावाची यंत्रणा आहे. सडलेलं अन्न, विष्ठा, पू यांपासून ती आपल्याला दूर ठेवते. पण ती चटकन पेटते आणि पुराव्याला जुमानत नाही. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ पॉल रोझिन आणि सहकाऱ्यांनी १९८६ साली काही प्रयोग प्रसिद्ध केले. निर्जंतुक केलेलं मेलेलं झुरळ फळांच्या रसात बुडवून काढलं, तर ते निर्जंतुक आहे हे सांगूनही लोकांना तो रस नकोसा झाला. चॉकलेटला कुत्र्याच्या विष्ठेचा आकार दिला, तर चॉकलेट आहे हे ठाऊक असूनही लोकांना ते खाववेना.

नैतिक निवाड्यातही हेच होतं. जोनाथन हाइट यांनी लोकांना अशा काल्पनिक गोष्टी सांगितल्या, ज्यांत कुणालाच इजा होत नाही पण कृत्य निषिद्ध आहे. लोक ‘हे चूकच’ म्हणाले. कारण विचारल्यावर त्यांनी एकेक कारण पुढे केलं, प्रत्येक कारण गोष्टीतल्या तपशिलाने खोडलं गेलं, तरी मत हललं नाही. किळस आली तर थांबा, तिची नोंद घ्या, आणि मग प्रश्न १ मधल्या तीन कसोट्या लावा.

३. मामाच्या मुलीशी लग्न चालतं, मावशीच्या मुलीशी नाही. यामागे विज्ञान आहे का?

आनुवंशिक कारण नाही. मामेबहीण, आतेबहीण, मावसबहीण, चुलतबहीण, कुणीही असो, सख्ख्या भावंडांच्या मुलांमध्ये सरासरी एक अष्टमांश जनुकं सारखी असतात. अपत्यात गंभीर जन्मजात दोष असण्याचा धोका सर्वसाधारण जोडप्यांत २ ते ३ टक्के असतो, अशा नात्यात त्यात साधारण आणखी तितकीच भर पडते. मामेबहिणीने तो कमी होत नाही आणि मावसबहिणीने वाढत नाही. मग भेद कुठून आला? नातेव्यवस्थेतून. चुलत भावंडं ‘आपल्या कुळातली’, मावशी ‘आईसारखी’, मामाचं घर मात्र ‘दुसरं घर’, जिथे पुन्हा सोयरीक करता येते. उत्तर भारतातल्या बहुतेक हिंदू समाजांत मामेबहिणीशी लग्न ही कल्पनाही सहन होत नाही, दक्षिणेत ते मानाचं समजलं जातं. महाराष्ट्र या दोन पद्धतींच्या सीमेवर आहे आणि इरावती कर्वे यांनी ते फार तपशिलात मांडलं आहे. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यानेही अशी जवळची नाती निषिद्धच धरली आहेत, पण रूढी असेल तर सूट दिली आहे.

सख्ख्या बहीणभावांबद्दलची अनिच्छा मात्र जवळपास जगभर दिसते. एडवर्ड वेस्टरमार्क यांनी १८९१ मध्ये सुचवलं की लहानपणी एकत्र वाढलेल्यांत लैंगिक ओढ निर्माण होत नाही. इस्रायलमधल्या किबुत्झ या सामूहिक वसाहतींत रक्ताचं नातं नसलेली, पण पहिली काही वर्षं एकत्र वाढलेली मुलं पुढे एकमेकांशी जवळजवळ कधीच लग्न करत नव्हती. याच प्रश्नावर सगळ्यांत जास्त वाद घालणारी पत्रं येतात. धोका समजून घ्यायचा असेल तर लग्नाआधी जनुकीय समुपदेशन घ्या आणि घराण्यातल्या सिकलसेल, थॅलेसेमिया या रक्ताच्या आनुवंशिक आजारांची तपासणी करून घ्या. विदर्भात सिकलसेलचं प्रमाण लक्षणीय आहे, त्यामुळे ही तपासणी नात्याबाहेर लग्न करणाऱ्यांनीही करावी.

४. नाकात बोट घालायची सवय सुटत नाही. हा आजार आहे का?

बहुधा नाही. बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्य संस्थेतल्या दोन संशोधकांनी २०० शाळकरी मुलामुलींना विचारलं, तेव्हा जवळपास सगळ्यांनी कबूल केलं. दिवसातून चार वेळा हा मधला आकडा होता. २००१ मध्ये तो अभ्यास प्रसिद्ध झाला. वारंवार रक्त येत असेल, जखम भरत नसेल किंवा दिवसातला बराच वेळ त्यातच जात असेल, तर मात्र प्रश्न ८ मधला उपाय वापरा. नागपूरच्या उन्हाळ्यात नाक कोरडं पडून खपल्या धरतात आणि सवय बळावते. सलाइनचे थेंब किंवा नाकाच्या कडेला किंचित पेट्रोलियम जेली, एवढ्यानेही फरक पडतो.

५. मनात भयंकर विचार येतात. देवघरात शिव्या, बाळाला फेकून द्यावं, सुरी दिसली की कुणाला तरी मारावं. मी राक्षस आहे का?

नाही. आमच्याकडे सर्वांत जास्त येणारा प्रश्न हाच, आणि विचारणारी बहुतेक माणसं अत्यंत सालस असतात.

१९७८ साली रॅचमन आणि डी सिल्व्हा यांनी मानसिक आजार नसलेल्या लोकांना विचारलं, तेव्हा दहापैकी आठ जणांनी असे नकोसे विचार येतात असं सांगितलं. आजारी लोकांच्या आणि निरोगी लोकांच्या विचारांचा मजकूर इतका सारखा होता, की नुसता वाचून तज्ज्ञांनाही ते नीट वेगळे करता आले नाहीत. फरक पुढच्या पायरीवर पडतो. एकजण ‘काय भलतंच डोक्यात आलं’ म्हणून पोळ्या लाटत राहतो. दुसरा ‘असा विचार आला म्हणजे मी तसाच’ असं धरून चालतो, सुऱ्या लपवतो, बाळाला उचलणं टाळतो, दहादा नमस्कार करून क्षमा मागतो. या उपायांनी घटकाभर बरं वाटतं, आणि मेंदू शिकतो की धोका खरोखरच होता. विचार परत येतो, जास्त जोराने. डॅनियल वेग्नर यांनी १९८७ मध्ये लोकांना ‘पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका’ असं सांगितलं, तर तेच अस्वल परत परत डोकं वर काढत राहिलं.

घरी काय करता येईल? विचाराला नाव द्या: ‘हा नकोसा विचार आहे.’ त्याच्याशी वाद घालू नका, त्याला हाकलू नका, हातातलं काम सोडू नका. क्षमा मागणं, तपासणं, ‘मी असं करणार नाही ना?’ असं दुसऱ्याला विचारत राहणं रोज थोडं थोडं कमी करा. दिवसातला तासाभराहून जास्त वेळ यात जात असेल तर तो ओसीडी, म्हणजे नकोसे विचार आणि त्यांवरच्या कृती आवरता न येण्याचा आजार, असू शकतो. त्यावर टप्प्याटप्प्याने सामोरं जाण्याची थेरपी आणि काही औषधं चांगली लागू पडतात. औषधांचा परिणाम दिसायला आठ ते बारा आठवडे लागतात. पुष्कळ लोक त्याआधीच ‘काही उपयोग नाही’ म्हणून गोळ्या सोडतात, तिथेच घोटाळा होतो.

दोन अपवाद. विचार नकोसा न वाटता हवासा वाटत असेल, त्याची आखणी सुरू असेल, किंवा कुणाचा तरी आवाज आज्ञा देतोय असं वाटत असेल, तर हा प्रकार वेगळा आहे, त्याच दिवशी डॉक्टरांकडे जा. आणि बाळंतपणानंतरच्या पहिल्या काही आठवड्यांत झोप उडाली, बोलण्यात विसंगती आली, बाळाबद्दल विचित्र समजुती दिसू लागल्या, तर तिला आणि बाळाला एकटं सोडू नका, रात्र असली तरी इस्पितळात न्या.

६. उड्डाणपुलावर किंवा गच्चीच्या कठड्याशी उभं राहिलं की उडी मारावीशी वाटते. मला मरायचं तर नाहीये!

२०१२ मध्ये अमेरिकेत ४३१ विद्यार्थ्यांचा अभ्यास झाला. ज्यांच्या मनात आत्महत्येचा विचार कधीच आला नव्हता, त्यांच्यातल्याही निम्म्याहून अधिक जणांना ही ओढ जाणवलेली होती. संशोधकांचा अंदाज असा: मेंदू ‘मागे हो’ असा झटपट इशारा देतो, आपण मागे सरकतो, आणि नंतर त्या सरकण्याचा अर्थ ‘मला उडी मारायची असावी’ असा लावतो. बाकी प्रश्न ५ प्रमाणेच. उदास वाटत असेल, जगण्यात रस उरला नसेल, तर हे स्पष्टीकरण स्वतःला लावून मोकळं होऊ नका, १४४१६ ला फोन करा.

७. मले शिव्या दिल्यावर बरं काहून वाटते? आणि मयतीत हसू येते ते?

शिव्यांवर चांगलं संशोधन आहे. इंग्लंडमधल्या कील विद्यापीठात रिचर्ड स्टीफन्स यांनी विद्यार्थ्यांना बर्फगार पाण्यात हात धरायला लावला. शिवी देत राहणाऱ्यांनी साधा शब्द म्हणत राहण्यापेक्षा जास्त वेळ हात धरला, हृदयाचे ठोकेही वाढले. हा अभ्यास २००९ चा. पुढच्या अभ्यासात दिसलं की रोज ऊठसूट शिव्या देणाऱ्यांना हा फायदा कमी मिळतो. शब्दाचा जोर त्याच्या निषिद्धपणातच असतो, वापरून तो झिजतो.

समाजालाही हे कळतं, म्हणून तो बंदीला मोकळीक जोडून देतो. शिमग्याला बोंब मारायची मुभा असते. आपल्याकडे पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी इतवारी-महालातून काळी आणि पिवळी मारबत निघते, बडगे निघतात (दोन्ही मिरवणुकीतले पुतळे), आणि ‘घेऊन जा गे मारबत’ म्हणत रोगराईपासून पुढाऱ्यांपर्यंत सगळ्यांचा उद्धार होतो. एरवी जे बोललं तर भांडण होईल, ते त्या दिवशी रस्त्यावर, सगळ्यांनी मिळून, ठरलेल्या वेळेत बोललं जातं आणि मग जाळून टाकलं जातं. नागपूरकरांनी या मिरवणुकीकडे फक्त करमणूक म्हणून बघू नये असं आम्हाला मनापासून वाटतं. निषिद्ध गोष्टीला जागा कशी द्यावी याचा इतका स्पष्ट नमुना दुसरीकडे सहज सापडत नाही.

इच्छा नसताना तोंडातून शिवी निसटते, सोबत डोळे मिचकावणं, मान झटकणं असे झटके येतात, असं असेल तर टूरेट विकार असू शकतो. शिव्या निसटण्याचं लक्षण त्यातल्या साधारण दहातल्या एकालाच असतं. अशा मुलाला मारून काही होत नाही, ताणाने झटके वाढतात.

मयतीतलं हसू हे बहुतेक वेळा अतिताणाचं असतं, प्रेम कमी असल्याचं नव्हे. बाहेर जा, पाणी प्या, लांब श्वास सोडा. पण पक्षाघातानंतर किंवा डोक्याला मार लागल्यानंतर हसू-रडू आवरेनासं झालं असेल, तर तो मज्जासंस्थेचा प्रश्न आहे आणि त्यावर औषध आहे.

८. मुलगी डोक्याचे केस उपटते, चकत्या पडल्या आहेत. रागावून झालं, टक्कल करून झालं. आता काय?

रागावणं थांबवा. या विकाराला १८८९ पासून ट्रायकोटिलोमॅनिया हे नाव आहे, आणि तो हट्ट नाही. त्वचा खरवडणं, नखं रक्त येईपर्यंत कुरतडणं ही याचीच भावंडं. सर्वांत चांगला पुरावा १९७३ मध्ये अझ्रिन आणि नन यांनी मांडलेल्या सवय-बदल पद्धतीचा आहे. ती अशी करायची.

पहिला आठवडा फक्त नोंद. वही ठेवा: वेळ, जागा, कुठला हात, आधी काय चाललं होतं, किती केस. बहुधा एकच चित्र पुढे येतं. उदाहरणार्थ, अभ्यासाला बसली, डावा हात पुस्तकावर, उजवं कोपर टेबलावर, बोटं कानाच्या वर जातात, जाड किंवा कुरळा केस शोधतात, तो ओठांवर फिरवला जातो. ही साखळी मुलीने स्वतः ओळखायला हवी. तुम्ही ‘बघ, परत!’ असं ओरडलात तर ती लपवायला शिकते, थांबायला शिकत नाही.

दुसऱ्या आठवड्यापासून, हात वर निघाला की दोन्ही मुठी घट्ट आवळून मांडीवर किंवा बगलेत, एक ते तीन मिनिटं, ओढ ओसरेपर्यंत. केस उपटून झाल्यावर मूठ आवळण्याचा उपयोग फार कमी. हात निघतानाच आवळायची. सोबत अडथळे: अभ्यासाला रुमाल किंवा टोपी, बोटांच्या टोकांना चिकटपट्टी, हातात मऊ चेंडू, टेबलावरून आरसा आणि चिमटा हद्दपार. जमलं त्या वेळी घरातल्या एकानेच शांतपणे शाबासकी द्यावी.

हे कुठे फसतं? घाईत. नोंदीचा आठवडा गाळला की मूठ चुकीच्या वेळी आवळली जाते. परीक्षेच्या काळात सवय उलटते, त्याला अपयश समजून सगळं सोडून देऊ नका.

एक गोष्ट मात्र आवर्जून विचारा: केस गिळते का? पोटात केसांचा गोळा होऊ शकतो. भूक मंदावणं, थोडं खाऊन पोट भरणं, उलट्या, पोटात गाठ लागणं यांपैकी काही असेल तर आधी सर्जनला दाखवा.

९. बायको पाटीवरची पेन्सिल आणि माती खाते. लाज वाटते म्हणून लपवते.

रक्त तपासा: हिमोग्लोबिन आणि फेरिटिन (शरीरातला लोहाचा साठा). लोहाची कमतरता असताना माती, खडू, कच्चे तांदूळ, बर्फ खावासा वाटणं नेहमीचं आहे, आणि लोह भरून निघालं की ओढ बहुधा जाते. हे महिनाभराहून जास्त चालू असेल तर त्याला पायका म्हणतात. मातीतून जंत आणि शिसं पोटात जाऊ शकतं, त्यामुळे गरोदर असेल तर थांबू नका.

१०. धात जाते, अशक्तपणा आला आहे. रस्त्यावरच्या दवाखान्यात कोर्स सांगितला आहे, घेऊ का?

घेऊ नका. वीर्य म्हणजे रक्ताचा अर्क नव्हे. एका वेळी साधारण २ ते ५ मिलिलिटर, त्यातला बहुतेक भाग वीर्यकोश आणि प्रोस्टेट ग्रंथींचा स्राव असतो, आणि तो शरीर सतत बनवतं. लघवीतला पांढुरकेपणा पुष्कळदा फॉस्फेटच्या क्षारांचा असतो. जळजळ, पू, ताप असेल तर लघवीची तपासणी करा. नसेल, तर थकवा बहुधा चिंतेतून किंवा उदासीनतेतून आलेला असतो. १९६० मध्ये डॉ. विग यांनी या त्रासाला ‘धात सिंड्रोम’ असं नाव दिलं. भीती खरी असते, तिचं कारण चुकीचं सांगितलेलं असतं. मानसोपचारतज्ज्ञ या तक्रारीला हसत नाहीत, ती त्यांच्या रोजच्या ओपीडीतली आहे.

११. लैंगिक आवड वेगळी असेल तर तो विकार का?

आपोआप नाही. २०१३ पासून डीएसएम-५ या मानसिक आजारांच्या अमेरिकी यादीत वेगळी आवड आणि विकार यांत फरक केला आहे. त्या माणसाला स्वतःला त्रास होत असेल, किंवा संमती नसलेल्याला त्यात ओढलं जात असेल, तरच विकार. २०२२ पासून लागू झालेल्या आयसीडी-११ या आजारांच्या जागतिक यादीने आणखी स्पष्ट केलं: लोक नावं ठेवतात एवढ्यामुळे होणारा त्रास निदानासाठी पुरेसा नाही. समलैंगिकता तर यात येतच नाही. ती १९७३ मध्ये अमेरिकी यादीतून आणि १९९० मध्ये जागतिक यादीतून काढली गेली, आणि ६ सप्टेंबर २०१८ ला आपल्या सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांच्या संमतीच्या संबंधांना गुन्ह्यातून वगळलं. ती ‘बरी करून देतो’ म्हणणाऱ्याकडे जाऊ नका.

१२. लहान मुलांबद्दल ओढ वाटते. काही केलेलं नाही. डॉक्टर पोलिसांत देतील का?

आधी हे ठरवावं लागतं की ही खरी ओढ आहे की तशी असल्याची भीती. भीती असेल तर ती प्रश्न ५ मधली ओसीडी असू शकते, आणि ती खूप जणांना असते. ओढ खरी असेल तरी मनातला विचार गुन्हा नाही आणि मदत मागण्याची हीच योग्य वेळ आहे. तोवर मुलांसोबत एकटं राहू नका, शिकवण्या किंवा राखण स्वीकारू नका. मुलांची लैंगिक चित्रं बघणं आणि साठवणं मात्र गुन्हा आहे. मुलावर अत्याचार झाल्याचं किंवा होण्याची शक्यता असल्याचं कळलं, तर २०१२ च्या पॉक्सो कायद्यानुसार कळवणं डॉक्टरांसकट सगळ्यांवर बंधनकारक आहे. मुलाची सुरक्षा इथे सगळ्यांत वरची आहे, आणि त्याबद्दल आमच्या मनात शंका नाही.

१३. असल्या गोष्टी कुणी खरं सांगतं का? मग आकडे येतात कुठून?

युक्त्या आहेत. स्टॅनली वॉर्नर यांनी १९६५ मध्ये यादृच्छिक उत्तराची पद्धत सुचवली. तिचं एक सोपं रूप: प्रत्येकाने लपवून नाणं उडवायचं. छापा पडला तर काहीही असो, ‘हो’ म्हणायचं. काटा पडला तर खरं सांगायचं. १०० जणांत ६० ‘हो’ आले, तर त्यातले साधारण ५० छाप्याचे. उरलेले १० हे काटा पडलेल्या ५० मधले, म्हणजे प्रमाण २० टक्के. एका माणसाचं ‘हो’ काहीच सिद्ध करत नाही, म्हणून तो निर्धास्त असतो. तोटा असा की आकडा ढोबळ राहतो. तीसेक जणांच्या वर्गात हे करून निष्कर्ष काढू नका, काहीशे लोक हवेत. आणि लोकांना नियम नीट समजला नाही तर छापा पडूनही ते ‘नाही’ म्हणतात.

सर्वेक्षण वाचताना आधी हे बघा की उत्तरं देणारे आले कुठून. स्वतःहून पुढे येणारे लोक या विषयांत सरासरीपेक्षा मोकळे असतात.

१४. मला या विषयावर मराठीत लिहायचं आहे. कशात चुकतं?

दोन ठिकाणी. पहिलं, गाजलेले पण डळमळीत प्रयोग. अपराधीपणाने हात धुवावेसे वाटतात, हा २००६ चा निष्कर्ष सगळीकडे सांगितला जातो, पण नंतर मोठ्या नमुन्यांवर तो परत मिळाला नाही. किळस जागवली की माणूस जास्त कठोर निवाडा करतो, याचाही परिणाम २०१५ च्या एकत्रित विश्लेषणात नगण्य ठरला. प्रयोग किती वर्षांपूर्वीचा, किती लोकांवर, आणि पुन्हा केला तेव्हा काय झालं, हे तिन्ही बघितल्याशिवाय वाक्य लिहू नका.

दुसरं, ओळख. नाव बदललं म्हणजे ओळख लपली असं होत नाही. ‘सक्करदऱ्यातली, बँकेत असलेली, जुळ्यांची आई’ एवढं लिहिलं की गल्ली ओळखते. वस्ती, पेशा, कुटुंबाची रचना यांपैकी किमान दोन गोष्टी काढा, आणि छापण्याआधी मजकूर त्या व्यक्तीला वाचून दाखवा. २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याच्या कलम २४ नुसार उपचार घेणाऱ्याची माहिती किंवा फोटो त्याच्या संमतीशिवाय माध्यमांना देता येत नाही. लैंगिक अत्याचार सोसलेल्या बालकाची ओळख तर आईवडिलांनी होकार दिला तरी छापायची नाही, ती परवानगी फक्त विशेष न्यायालय देऊ शकतं. र. धों. कर्वे यांनी १९२७ पासून मराठीत हे विषय लिहिताना खटले अंगावर घेतले, १९३४ मध्ये डॉ. आंबेडकर त्यांच्या बाजूने उभे राहिले. लिहिण्याचा हक्क असा मिळालेला आहे, तो दुसऱ्याच्या अब्रूवर खर्च करू नये.

१५. नागपुरात कुठे जायचं? कुणाला कळलं तर?

मेडिकल, मेयो आणि मिहानमधलं एम्स या तिन्ही सरकारी रुग्णालयांत मानसोपचार विभाग आहे. मानकापूरचं प्रादेशिक मनोरुग्णालय फक्त भरतीसाठी नाही, तिथेही बाह्यरुग्ण विभाग चालतो. नोंदणीच्या खिडकीवर फक्त ‘मानसोपचार’ म्हणा, तक्रार तिथे सांगायची गरज नाही. डॉक्टरांसमोर नातेवाइकाला बाहेर थांबायला सांगायचं असेल तर तसं स्पष्ट बोला. माहिती गुप्त ठेवणं २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याच्या कलम २३ नुसार डॉक्टरांवर बंधनकारक आहे, अपवाद मुख्यतः कुणाच्या जिवाला धोका असेल तेव्हाचे आणि न्यायालयाच्या आदेशाचे. तोंडाने बोलवत नसेल तर चार ओळी कागदावर लिहून न्या: काय होतं, केव्हापासून, दिवसातून किती वेळ, झोप आणि भूक कशी आहे, कुठल्या गोळ्या चालू आहेत. तो कागद पुढे सरकवला तरी तपासणी सुरू होते.